खोली कालच गेली

अडतीस वर्षांच्या संसारात नाना खळखळून हसल्याचे प्रसंग माईंना तीनच आठवत होते. थोरला जन्मला तेव्हा एकदा, धाकटीने पहिल्यांदा त्यांच्या मिशा ओढल्या तेव्हा एकदा, आणि वन्सं ज्या खुर्चीवर बसायला गेल्या ती खुर्ची तिथे नव्हती तेव्हा एकदा. एरवी नाना म्हणजे भिंतीवरचं घड्याळ. तासाला एकदा वाजायचे, आणि तेही किती वाजले एवढंच सांगायचे.

त्यामुळे वर्कशॉपच्या कॅन्टीनमध्ये, सव्वाशे माणसांसमोर, नाना एका स्टुलावर चढून उभे राहिले, कुणाचा तरी गुडघ्याखाली लोंबणारा कोट त्यांनी अंगात घातला आणि छाती फुगवून वरून सगळ्यांकडे बघायला लागले, तेव्हा माईंना आधी वाटलं की यांना बरं वाटत नाहीये.

"आई, नाना काय करताहेत?" थोरल्याने विचारलं.

"मला काय विचारतोस," माई म्हणाल्या. "मी त्यांची फक्त बायको आहे."

निरोप समारंभ होता. चौतीस वर्षं लिफ्ट दुरुस्त केल्यावर उद्यापासून नानांना कुठल्याही इमारतीत शिरताना वर बघायची गरज नव्हती. वर्कशॉपचा वार्षिक कार्यक्रम दरसाल व्हायचा, पण "तो कामगारांपुरताच असतो" असं सांगून नाना एकटेच जायचे. या वेळी छापील पत्रिका घरी आली आणि तिच्यावर ‘सहकुटुंब’ असं लिहिलेलं थोरल्याने वाचून दाखवलं. नाना दोन दिवस जरा बेचैन होते. ते नोकरी संपत आल्यामुळे असेल, अशी घरच्यांनी समजूत करून घेतली.

पहिल्या टेबलावर माई, थोरला, नानांची धाकटी बहीण म्हणजे वन्सं, आणि शेवटच्या खुर्चीवर धाकटी बसली होती. धाकटी सकाळच्या बसने आली होती. बँकेची नोकरी सोडून ती कर्णबधिर मुलांच्या शाळेत शिकवायला गेली, तेव्हा नाना एकच शब्द बोलले होते, "मूर्खपणा." त्या एका शब्दावर बापलेकीने दोन वर्षं अबोला धरला होता. गेल्या महिन्यात तिने स्वतः फोन केला आणि आज सकाळी दारात नानांनी तिच्या हातातली बॅग घेतली. माईंच्या दृष्टीने आजचा खरा समारंभ तिथेच उरकला होता.

"लंबू-ठेंगू, लंबू-ठेंगू," मागच्या टेबलांवरून टाळ्यांच्या ठेक्यात ओरडा सुरू झाला.

"ठेंगू कोण?" वन्संनी विचारलं. मग स्टुलावरचे नाना त्या हाकेला मान लववताना दिसले. "आपला दादा? दादाला ठेंगू म्हणतात हे लोक?"

तेवढ्यात बाजूच्या दारातून लंबू आला. खरं म्हणजे त्याला वाकून आत यावं लागत असे. आज तो गुडघ्यांवर चालत आला. गुडघ्यांना त्याने चपला बांधल्या होत्या, डोक्यावर नानांची टोपी, नाकाच्या टोकावर नानांचा जुना चष्मा. रंगाने तुकतुकीत काळा, केस पिकलेले, आणि चेहऱ्यावर हुबेहूब नानांचा आठी घातलेला भाव. लिफ्टच्या कामाला माणसं जोडीने जातात. एक वर मशीनरूममध्ये आणि एक खाली खड्ड्यात. नानांची जोडी पहिल्या दिवसापासून याच्याशी होती. फोनवरून "ठेंगू आहे का?" असं विचारणारा जाड आवाज माईंच्या ओळखीचा होता. त्या ठेंगूचा अर्थ त्या आजवर औजारांपैकी काहीतरी असावं, असा लावत आल्या होत्या.

माणूसही त्यांच्या ओळखीचा होता. पण ते दुसऱ्या कुणालाच ठाऊक नव्हतं, अशी त्यांची खात्री होती.

"म्हणजे काय आहे ना," गुडघ्यांवरचा लंबू नानांच्या आवाजात म्हणाला, आणि थोरला दचकून हसला, कारण आवाज तोच होता. "मी नवीन लागलो तेव्हा मला एका काळ्या माणसाबरोबर जोडी दिली. मी साहेबांना म्हटलं, साहेब, म्हणजे काय आहे ना, मला अंधाराची भीती वाटते."

धाकटीने तोंडावर हात ठेवला. माईंनी मान वळवून मागे पाहिलं. अर्धं कॅन्टीन लंबूच्याच वर्णाचं होतं आणि तेच जास्त मोठ्याने हसत होतं.

"मीही साहेबांना म्हटलं," स्टुलावरून नाना जाड आवाजात बोलले, "की साहेब, तुम्ही म्हणता माणूस पाठवला. मला तर कुणी दिसत नाही. खाली बघू का?"

"पहिली चार वर्षं साहेब रोज सकाळी तोच विनोद करायचे," लंबू आता स्वतःच्या आवाजात म्हणाला. "दिवा गेला की म्हणायचे, लंबू, दात दाखव, म्हणजे कळेल कुठे आहेस. सगळे हसायचे. मीही हसायचो. नोकरी होती. मग एक दिवस दिवा गेला, साहेबांनी तोंड उघडलं, आणि त्यांच्या आधी हा ठेंगू बोलला. साहेब, आधी मला शोधा, मी उजेडातही सापडत नाही. त्या दिवशी पहिल्यांदा सगळे साहेबांना सोडून हसले. त्यानंतर साहेबांना तो विनोद कधी पुरा करता आला नाही. आम्ही दोघं मिळून आधीच करून टाकायचो."

"हे नाना बोलले?" थोरला पुटपुटला. "आमचे नाना?"

वन्संना मात्र हे पसंत नव्हतं. "कशाला आपलं त्यांच्यात मिसळून नाचायचं. किती काळे असतात हो हे लोक," त्या हळूच म्हणाल्या. वन्सं स्वतः उजळ होत्या असं नाही, पण आरशाला त्यांनी कधी तसं बोलू दिलं नव्हतं.

"आत्या, गप्प बस," धाकटी म्हणाली. ती स्टुलाकडे बघत होती. तिच्या चेहऱ्यावर जे दिसत होतं ते बघून माईंना बरं वाटलं. दोन वर्षांत न सुचलेलं काहीतरी तिला आपल्या बापाबद्दल कळत होतं.

पुढचा भाग लिफ्टचा झाला. लंबू म्हणे खड्ड्यात उतरायचा आणि वर स्विचपाशी ठेंगू. साडेतीन टन लोखंड डोक्यावर टांगलेलं असताना माणूस कुणाची आठवण काढतो? आईची? देवाची? "मी फक्त एवढंच आठवायचो की सकाळी मी याला काही बोललो तर नाही ना." कॅन्टीन दणाणलं. माईसुद्धा हसल्या. नवरा इतका गमत्या आहे हे अडतिसाव्या वर्षी कळावं याचा त्यांना थोडा रागही आला.

"खोली," मागून कुणीतरी ओरडलं. "खोली होऊ दे."

नानांचा चेहरा एकदम बदलला. "आज नको ती," ते आपल्या नेहमीच्या आवाजात म्हणाले.

"शेवटचा दिवस आहे. खोली, खोली."

लंबूने नानांकडे पाहिलं. मग पहिल्या टेबलाकडे पाहिलं. माणसं टेबलं वाजवत होती. त्याने खांदे उडवले आणि गुडघ्यांवर सरकत एका खुर्चीच्या पाठीमागे गेला. ती खुर्ची म्हणजे दार.

"भाऊ," नानांनी नाइलाजाने स्टुलावरून जाड आवाज काढला, "बाहेर पाटी बघितली. वरची खोली भाड्याने आहे ना?"

लंबूने खुर्चीचं दार वीतभर उघडलं. एक पाय त्याला आतून अडवून धरला. मग ओल्या हाताचं मनगट कपाळावरून फिरवत, मान किंचित तिरकी करून, अगदी गोड आवाजात म्हणाला, "खोली कालच गेली हो. काल आला असतात तर लगेच दिली असती."

माईंच्या हातातला कप बशीवर आपटला.

"गेली?" नाना म्हणाले. "कुठे गेली? पाटी तर इथेच आहे."

"पाटीला पाय नाहीत हो. खोलीला होते."

हशा थांबेना. नाना स्टुलावरून उतरले, दोन पावलं गेले, परत स्टुलावर चढले, म्हणजे दुसरा दिवस उगवला. त्यांनी हवेत दार वाजवलं. खुर्चीमागून लंबूने तोंड बाहेर काढलं. "आता काय?"

नानांनी तोंड उघडलं, पण त्यांच्या आधी सव्वाशे माणसं एका आवाजात म्हणाली, "मी काल आलो होतो."

त्यांना पाठ होतं. भांडी घासणाऱ्या बाईला, दारावरच्या पहारेकऱ्याला, कालपरवा नोकरीला लागलेल्या पोरींनाही ते पाठ होतं. वर्षानुवर्षं, दर कार्यक्रमाला, माईंचं ते ‘खोली कालच गेली’ या कॅन्टीनमध्ये म्हटलं जात होतं. शब्द त्यांचेच होते. मनगट कपाळावरून फिरवायची सवय त्यांची होती. नानांनी जन्मात कधी ओलं भांडं हातात धरलं नव्हतं.

एकोणतीस वर्षांपूर्वीची ती संध्याकाळ माईंना स्वच्छ आठवत होती. दारात एक उंच काळा माणूस होता आणि मागे फाटकापाशी काखेत मूल घेतलेली एक बाई. तो कोण, कुणी पाठवला, त्याने सांगितलं नाही आणि त्यांनीही विचारलं नाही. तोंडातून वाक्य आपोआप निघालं, एखाद्या फेरीवाल्याला परतवावं तसं. भीती वाटली होती का? वाटलीही असेल. कशाची, ते त्यांना तेव्हाही सांगता आलं नसतं. सहा महिन्यांनी नानांनी वर्कशॉपचा फोटो भिंतीवर लावला आणि त्यात नानांच्या खांद्यावर हात टाकून तोच माणूस उभा होता. त्या दिवसापासून फोटो पुसताना माई त्याच्या चेहऱ्यावरून फडकं भराभर फिरवायच्या. नानांना काही माहीत नाही, या विश्वासावर त्यांनी एकोणतीस वर्षं काढली होती.

चहाची सुट्टी झाली. नाना कोट काढत टेबलापाशी आले. कपाळावर घाम होता. ते बसायच्या आतच धाकटीने विचारलं, "ते खरं होतं?"

"कुठलं?"

"खोलीचं."

नाना माईंकडे बघतील असं माईंना वाटलं. त्यांनी बघितलं नाही. ते चष्मा पुसत बसले, आणि त्या न बघण्यातच माईंना कळलं की या माणसाला सगळं पहिल्यापासून ठाऊक आहे.

"हो," नाना म्हणाले. "एकोणतीस वर्षं झाली."

"तुम्ही त्यांना दारातून परत पाठवलंत? तुमच्याच जोडीदाराला?"

"पाठवलं."

"आणि वर दर वर्षी त्याच्यावर टाळ्या घेता."

"आज नको," थोरला मधे पडला. "लोक बघताहेत. त्यांचा शेवटचा दिवस आहे, घरी गेल्यावर बोलू."

"घरी कोण येतंय," धाकटी म्हणाली.

वन्संनी खुर्ची पुढे ओढली. भावावर बालंट आलं की वन्सं पुढे यायच्याच. "हे बघ, तुला काही माहिती नसतं. त्या वेळी आमची आई होती घरात. आईला चाललं असतं का? दादाने एकट्याने काय करायचं? गेलेल्या माणसाचं नाव घेऊ नये, पण जे होतं ते होतं."

"आजी तेव्हा तुझ्याकडे राहायची, आत्या. माझ्या जन्माच्या आधी वर्षभर. तूच सांगतेस दर वेळी, किती केलंस तिचं ते."

वन्संनी खुर्ची पुन्हा मागे ओढली.

धाकटीने खुर्चीखालून बॅग ओढली. "नाना, मी दोन वर्षं समजत होते की तुम्ही फक्त हट्टी आहात. महिनाभर घालवून मी स्वतःला समजावलं, की जाऊ दे, हट्टी आहेत पण सरळ आहेत." ती उभी राहिली. "साडेतीनची बस मिळेल मला."

चष्मा केव्हाच पुसून झाला होता, तरी नाना पुसत होते. आणखी मिनिटभर माई गप्प राहिल्या असत्या तर लेक निघून गेली असती, नानांनी तेही निमूट गिळलं असतं, आणि घरात पुन्हा कधी तो विषय निघाला नसता. माईंना हे सगळं नीट दिसत होतं. कुणी विचारलं असतं तर त्यांनी ते नाकारलं नसतं, कारण क्षणभर त्यांनी गप्प राहायचं ठरवलंही होतं.

"ते वाक्य माझं आहे," त्या म्हणाल्या.

"आई, तू नानांना पाठीशी घालू नकोस," धाकटी म्हणाली.

"पाठीशी नाही घालत. दार मी उघडलं होतं. हे कामावर होते."

"वहिनी कसल्या असं बोलतात," वन्सं म्हणाल्या. "ओट्यावर चढलेल्या मांजरालासुद्धा त्या ‘उतरतोस का बाळा’ म्हणतात."

थोरलाही नकारार्थी मान हलवत होता. आपल्यावर कुणी विश्वास ठेवत नाहीये, हे माईंच्या लक्षात आलं. चांगुलपणाची चाळीस वर्षांची जमवाजमव आडवी येत होती. त्या उठल्या. खुर्चीच्या पाठीमागे गेल्या. एक पाय पुढे टाकून त्यांनी न दिसणारं दार अडवलं, उजव्या हाताचं मनगट कपाळावरून फिरवलं, मान तिरकी केली आणि म्हणाल्या, "खोली कालच गेली हो. काल आला असतात तर लगेच दिली असती."

तो गोडवा सगळ्यांच्या ओळखीचा होता. वर्गणी मागायला येणाऱ्यांना, उसनी शिडी मागणाऱ्या शेजाऱ्यांना त्या याच आवाजात परतवायच्या. लहानपणी धाकटी त्या आवाजाची नक्कल करून भावाला हसवायची. तिची बॅग हळूहळू खाली गेली आणि जमिनीला टेकली.

माई नानांकडे वळल्या. "तुम्हाला कधी कळलं?"

"दुसऱ्या दिवशी. आदल्या दिवशी मीच त्याला म्हटलं होतं, आमची वरची खोली रिकामी आहे, जाऊन बघ. तुला सांगायचं राहिलं. त्या सकाळी खड्ड्यात उतरायची पाळी माझी होती, तो वर होता. वरून त्याने तुझ्या आवाजात ते वाक्य ओरडून म्हटलं. लिफ्टच्या अख्ख्या उभ्या बोगद्यातून घुमत खाली आलं." नानांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. "मला वाटलं, आता हा ब्रेक सोडणार."

"मग?"

"तो हसायला लागला. मग मीही. दुसरं काय करायचं ते दोघांनाही सुचत नव्हतं."

"घरी येऊन मला का नाही बोललात?"

नाना म्हणाले, "तू एकदा बोललीस. मी त्या संध्याकाळी घरी येऊन म्हणू शकलो असतो, की ती खोली त्याला द्यायची आहे. पाटी तशीच होती. मी आलो आणि जेवलो." ते धाकटीकडे बघून म्हणाले, "चार महिने खोली रिकामी होती. एकशे वीस वेळा मी आलो आणि जेवलो. म्हणून त्या दारात आम्ही मला उभं केलं. तसं ते खोटं नाही."

धाकटी पुन्हा बसली. ती बापाशेजारी बसली नाही की आईशेजारी. वन्संच्या पलीकडच्या खुर्चीवर बसली. पण बसली.

माई मात्र बसू शकत नव्हत्या. त्या थेट चहाच्या काउंटरकडे निघाल्या. लंबू गुडघ्यांच्या चपला सोडत होता. आसपास चारपाच जण होते. त्यांना येताना बघून तो ताडकन उभा राहिला. इतक्या जवळून माईंना त्याच्या शर्टाचं तिसरं बटण तेवढं समोर दिसलं.

"वहिनी," तो म्हणाला, "खोली आहे का?"

आजूबाजूचे हसले. माईंना हसता आलं नाही. त्यांच्या चेहऱ्याकडे बघून त्याने हाताने इतरांना बाजूला व्हायची खूण केली.

"मी तुमची माफी मागायला आले," माई म्हणाल्या. "हे आधीच करायला हवं होतं. फोटो लागला तेव्हाच."

"ठेंगूला मी म्हटलं होतं, घरचे येणार असतील तर खोली नको. लोक ऐकेनात." तो अवघडला होता, हसवताना न अवघडणारा माणूस आता हात कुठे ठेवावे ते शोधत होता. "वहिनी, मी त्या खोलीत फार तर दोन वर्षं राहिलो असतो. तिच्यावर एकोणतीस वर्षं माणसं हसवली. माझ्यापुरतं मिटलंय. राग होता, तो मी तुमचा आवाज काढून काढून संपवला. माफी मागायचीच असेल तर तिकडे मागा." त्याने खिडकीजवळच्या टेबलाकडे मान वळवली. "ती कधी हसली नाही त्या गोष्टीवर. बाकी सगळ्यांवर हसते, ती सोडून. मला वाटतं तिला माझं काम आवडत नाही."

खिडकीपाशी लंबूची बायको एकटी बसली होती. रुंद खांद्यांची, पांढऱ्या केसांची बाई. ती शाळेची बस चालवायची, हे माईंना नानांच्या बोलण्यातून कधीतरी कळलं होतं. तिच्यापुढचा केकचा तुकडा तसाच होता. माई समोर जाऊन उभ्या राहिल्या तेव्हा तिने मान वर केली, पण बसा म्हटलं नाही.

"तुम्ही फाटकापाशी होतात," माई म्हणाल्या. "मूल होतं काखेत. मी खोटं बोलले. खोली गेली नव्हती."

"माहीत आहे."

"मला लाज वाटते."

"वाटू दे," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. थांब्यावर मुलं चढली की नाही ते बघून घ्यावं तसं ती माईंकडे बघत होती. मग म्हणाली, "मी दुसऱ्या दिवशी परत आले होते."

तिने बशीतला चमचा सरळ केला.

"तुम्ही म्हणाला होतात ना, काल आला असतात तर. मला वाटलं, बाई बोलायला गोड आहे, खरंच कुणाला शब्द दिला असेल. तो माणूस फिरलाही असेल एखादे वेळी. चौकशी करायला काय जातंय. हा कामावर गेला आणि मी बाळाला घेऊन आले. आम्ही तेव्हा माझ्या बहिणीकडे सात जण एका खोलीत होतो. पाटी तशीच होती. मी तीनदा दार वाजवलं."

"चारदा," माई म्हणाल्या.

ती थांबली.

"चारदा वाजवलंत," माई म्हणाल्या. "मी आत होते. कडीला हात लावून. खिडकीतून तुम्ही दिसला होतात. मी मोजत होते, कधी जाताय म्हणून."

"आत दूध उतू जात होतं."

"हो."

"आधी उतू गेलं, मग करपायला लागलं. बाहेरपर्यंत वास येत होता. मी मनात म्हणत होते, बाई, आधी ते बघ. मी थांबते."

माईंच्या तोंडून एक आवाज निघाला. तो हसण्याचा होता हे कळल्यावर त्या इतक्या घाबरल्या की त्यांनी दोन्ही हातांनी तोंड दाबून धरलं. समोरची बाई हसली नाही. पण तिने नजरही काढली नाही.

"पातेलं गेलं असेल," ती म्हणाली.

"गेलं. टाकूनच दिलं."

"मला वाटलंच." तिने केकची बशी बाजूला सारली. "ह्याला ते माहीत नाही. ते दुसऱ्या दिवशीचं, ‘मी काल आलो होतो’, ते ह्याने आपल्या मनाने रचलंय. पहिल्यांदा घरी म्हणून दाखवलं तेव्हा माझ्या हातातली सुरी थांबली. मला वाटलं, ह्याला कुणी सांगितलं?"

"तुम्ही का नाही सांगितलंत?"

"सांगितलं असतं तर हा परत ते बोलला नसता. तुमच्या दारातून आल्यापासून हा रात्र रात्र जागा असायचा. ती गोष्ट रचली आणि झोपायला लागला." ती जराशी पुढे वाकली. "तुम्हीही सांगू नका. ठेंगूलाही नाही."

माईंनी मान हलवली. आत्ताच कुठे एक ओझं उतरवून आलेल्या बाईला दुसरं मिळालं होतं, आणि हे उतरवायला परवानगी नव्हती.

लंबू आणि नाना जोडीने तिकडेच येत होते. लंबूच्या डोक्यावर अजून नानांची टोपी होती. "मिटलं का?" त्याने लांबूनच विचारलं.

"नाही," त्याची बायको म्हणाली. "आत्ता कुठे सुरू झालंय. तुम्ही दोघं चहा आणा."

दोघेही मुकाट्याने मागे फिरले. कॅन्टीनचं बाहेरचं दार उघडलं आणि एक तरुण वाकून आत आला. गाडीच्या किल्ल्या बोटात फिरवत त्याने टेबलांवरून नजर टाकली. खिडकीपाशी आई दिसल्यावर तो इकडे यायला लागला. लंबूची बायको वळून न बघताच म्हणाली, "काखेत होता तो हा. तीस वर्षांचा झाला."

माई तशाच उभ्या होत्या. त्या पहिल्या टेबलाकडे परत जाऊ शकल्या असत्या. तिकडून धाकटी त्यांच्याकडेच बघत होती, पण त्यासाठी त्या थांबल्या असं म्हणता येणार नाही. पाय निघालेच नाहीत.

"गाडी लावायला जागाच नाही इथे," तो आईला म्हणाला. मग त्याने शेजारच्या टेबलाजवळची खुर्ची उचलून माईंच्या मागे आणून ठेवली. "बसा ना. तुम्ही ठेंगूकाकांच्या घरच्या ना?"

"हो," माई म्हणाल्या. "मी तुला पाहिलंय. तू अगदी लहान होतास तेव्हा."

"असं? कुठे?"

लंबूची बायको टेबलावर हात जुळवून बसली होती. मदत करायचा तिचा काही विचार दिसत नव्हता.

"आमच्या दारात," माई म्हणाल्या, आणि बसल्या.